कॅल्क्युलेटरवर गेम टाकायचेत? सारखे सारखे विचारले जाणारे प्रश्न

अमेरिकेत हायस्कूलला गेलेल्या आपल्या मुलांच्या हातात ग्राफिंग कॅल्क्युलेटर आला की पहिला प्रश्न येतो तो काही गणिताचा नसतो. पुण्या-मुंबईच्या आयबीवाल्या (इंटरनॅशनल बॅकलॉरिएट अभ्यासक्रमाच्या) पोरांकडून पण आता तेच विचारलं जातं. म्हणून जे प्रश्न परत परत येतात ते इथे एकत्र टाकलेत. बहुतेक सगळं टेक्सस इन्स्ट्रुमेंट्स, म्हणजे टीआय, ह्या कंपनीच्या टीआय-८४ प्लस आणि टीआय-८४ प्लस सीई ह्या दोघांबद्दल आहे, कारण लोकांकडे तेच असतात. बाकी मॉडेलवाल्यांनी डायरेक्ट प्रश्न २४ ला जा.

१. दादा, कॅल्क्युलेटरवर खरंच गेम चालतात का की मित्र फेकतोय?

खरंच चालतात, आणि आजचे नाही, नव्वदच्या दशकापासून चालतायत. ग्राफिंग कॅल्क्युलेटर म्हणजे छोटा कम्प्युटरच आहे, प्रोसेसर आहे, मेमरी आहे, स्क्रीन आहे, फक्त वरती कंपनीने गणिताचा शर्ट घातलाय. साध्या ८४ प्लसमधे झेड८० जातीचा १५ मेगाहर्ट्झचा प्रोसेसर, २४ केबी वापरता येईल अशी रॅम आणि ९६ बाय ६४ टिंबांची काळी-पांढरी स्क्रीन असते. २०१५ मधे आलेल्या सीईमधे ईझेड८०, ४८ मेगाहर्ट्झ, १५४ केबी रॅम आणि ३२० बाय २४० ची रंगीत स्क्रीन. मोबाइलपुढे हे काहीच नाही हे मान्य, पण टेट्रिस, साप, विमानं पाडायचे गेम ह्याला एवढं भरपूर झालं.

२. माझ्याकडे कॅसिओचा ९९१ आहे, इंजिनिअरिंगला घेतलेला. त्यावर टाकता येईल का?

नाही. ९९१ हा सायंटिफिक आहे, त्याला केबल लावायला जागाच नाही आणि बाहेरून प्रोग्रॅम आत घ्यायची सोय पण नाही. कुणी व्हिडिओत दाखवत असेल तर एकतर आतलं सर्किट बदललंय नाहीतर एडिटिंग आहे. ९९१ वर इंटिग्रेशन करा, सुखी राहा.

३. माझं मॉडेल आणि ओएस कसं बघायचं? आणि तुम्ही प्रत्येकाला हेच आधी का विचारता?

कारण अर्धे प्रश्न तिथेच सुटतात. मॉडेलचं नाव स्क्रीनच्या आसपास छापलेलं असतं, ते पूर्ण वाचा, नुसतं "टीआय-८४" सांगून उपयोग नाही. ८४ प्लस, ८४ प्लस सिल्व्हर एडिशन, ८४ प्लस सी सिल्व्हर एडिशन आणि ८४ प्लस सीई ही वेगवेगळी यंत्रं आहेत आणि "सी" वाला आणि "सीई" वाला ह्यात लोक हमखास घोळ घालतात. सी वाला २०१३ चा, रंगीत पण जाडजूड आणि आतून जुनाच प्रोसेसर, त्याला सीईचे गेम चालत नाहीत.

ओएस म्हणजे कॅल्क्युलेटर चालवणारं मूळ सॉफ्टवेअर. ते बघायला आधी निळं सेकंड बटण, मग प्लसचं बटण, मेमरीचा मेनू उघडेल, त्यात पहिलंच अबाउट आहे. तिथे जो आकडा दिसेल तो कागदावर लिहून ठेवा. सीईवाल्यांनी तर नक्कीच, कारण ५.५ च्या अलीकडे की पलीकडे ह्यावर पुढचं सगळं ठरतं, बघा प्रश्न ९.

४. प्रोग्रॅम म्हणतोय नवीन ओएस आलीये, अपडेट करू का?

सीई असेल आणि गेम खेळायचे असतील तर थांबा. सीईवर एकदा वर गेलात की परत जुन्या ओएसवर येता येत नाही, कॅल्क्युलेटर स्वतःच नाही म्हणतो. जुनी ओएस असलेला सीई मिळाला असेल तर तसाच ठेवा, गणितात तुमचं काही अडत नाही. शाळेने अमुक ओएस पाहिजेच असं सांगितलं असेल तर मग इलाज नाही, करा.

५. सामान काय काय लागतं?

कॅल्क्युलेटर, कम्प्युटर, केबल आणि टीआय कनेक्ट सीई नावाचं फुकट सॉफ्टवेअर, ते विंडोज आणि मॅक दोन्हीला आहे. लिनक्सवाले टिल्प वापरतात.

केबलचा मात्र वैताग आहे. लागते ती मिनी यूएसबी, जुन्या डिजिटल कॅमेऱ्याला असायची ती. मोबाइलची मायक्रो यूएसबी नाही आणि सी-टाइप तर नाहीच. आणि दुसरं म्हणजे ड्रॉवरमधे पडलेल्या बऱ्याच केबल्स फक्त चार्जिंगच्या असतात, त्यातून डेटा जातच नाही, सीई चार्ज होतोय असं दिसतं पण कम्प्युटरला काही दिसत नाही आणि माणूस दोन तास ड्रायव्हर शोधत बसतो. आधी केबल बदलून बघा, मग बाकीचं. जुना ८३ प्लस असेल तर त्याला यूएसबीच नाही, त्याला सिल्व्हर लिंक नावाची वेगळी केबल लागते.

६. गेम कुठून डाउनलोड करायचे, आणि झिप उघडली की दहा फाइल्स निघतात त्यातली कुठली टाकायची?

दोन जुन्या भरवशाच्या जागा आहेत, टिकॅल्क डॉट ऑर्ग आणि सेमेटेक. टिकॅल्क १९९६ पासून आहे आणि तिथे मॉडेलप्रमाणे फोल्डर केलेत, म्हणजे आपल्या मॉडेलच्याच फोल्डरमधे शिरायचं, शेजारच्यात नाही.

झिपमधे एक रीडमी असते. ती वाचा. खरंच वाचा, लिहिणाऱ्याने तिथेच सांगितलेलं असतं काय काय लागतं ते. बाकी फाइलच्या शेपटीवरून कळतं: .८एक्सपी म्हणजे प्रोग्रॅम, बहुतेक गेम हेच असतात. .८एक्सके म्हणजे अ‍ॅप. .८एक्सव्ही म्हणजे गेमला लागणारा डेटा, लेव्हल किंवा चित्रं, हे विसरलात तर गेम सुरू होऊन लगेच बंद पडतो. .८एक्सजी म्हणजे बऱ्याच फाइल्सचं गाठोडं. सोर्स नावाचा फोल्डर असेल तर तो तुमच्यासाठी नाही, सोडून द्या.

७. माझा साधा काळा-पांढरा ८४ प्लस आहे. पहिल्यापासून सांगा ना.

टीआय कनेक्ट सीई उघडा, कॅल्क्युलेटर ऑन करून केबल लावा, डावीकडे नाव दिसलं की गेमची फाइल उचलून त्यावर टाका, सेंड म्हणा. पाठवताना रॅममधे की अर्काइव्हमधे असं विचारेल, तो विषय प्रश्न १२ ला आहे.

आता चालवायचं कसं ते गेम कशात लिहिलाय त्यावर आहे. टीआय-बेसिकमधला, म्हणजे कॅल्क्युलेटरच्या स्वतःच्या सोप्या भाषेतला असेल तर पीआरजीएम बटण, नाव निवडा, एंटर, परत एंटर, झालं. असेंब्लीतला, म्हणजे थेट प्रोसेसरच्या भाषेतला असेल आणि असंच केलंत तर एरर येईल. त्याला आधी सेकंड आणि शून्य दाबून कॅटलॉग उघडायचा, त्यात एएसएम आणि कंस असं दिसेल ते घ्यायचं, मग पीआरजीएममधून गेमचं नाव, मग एंटर.

पण दर वेळी कोण एवढं करणार, म्हणून शेल टाकतात. शेल म्हणजे गेमची यादी दाखवणारं आणि ते चालवणारं अ‍ॅप. मिराजओएस हा जुना आणि हलका, डोअर्स सीएस त्याच्यानंतरचा आणि जास्त गोष्टी सांभाळणारा. मी डोअर्स सीएस टाका म्हणेन, कारण तो बेसिक, असेंब्ली सगळं एकाच यादीत दाखवतो आणि अर्काइव्हमधला गेम पण तिथूनच चालवतो. शेल अ‍ॅप्स बटणाच्या आत सापडेल, पीआरजीएमच्या नाही. आणि बरेच जुने गेम शेलशिवाय चालतच नाहीत, रीडमीत आयॉन (हा पण एक जुना शेल) किंवा मिराज असं लिहिलं असेल तर तेच समजा.

८. आणि रंगीत सीईवर?

फाइल पाठवायची पद्धत अगदी प्रश्न ७ सारखीच. फरक दोन. एक, सीईचे चांगले गेम बरेचसे सी भाषेत लिहिलेत आणि त्यांना वेगळ्या लायब्ररी, म्हणजे गेमला लागणाऱ्या तयार कोडच्या फाइल्स लागतात, बघा प्रश्न १०. दोन, ओएस ५.५ च्या आधीची असेल तर पीआरजीएममधून नाव निवडून सरळ चालतो, फारच जुनी असेल तर आधी ते एएसएम लावावं लागतं. शेल म्हणून सीझियम टाका. तो प्रोग्रॅम म्हणून पाठवायचा, एकदा चालवायचा, मग तो स्वतःला अ‍ॅप करून बसवतो.

९. माझ्या सीईवर कुठलाही गेम टाकला तरी चालतच नाही, ओएस ५.५ च्या पुढची आहे. काय करू?

हा सगळ्यात जास्त येणारा प्रश्न, म्हणून जरा सविस्तर. २०२० मधे टीआयने ५.५ पासून असेंब्ली आणि सीचे प्रोग्रॅम चालवायची सोयच काढून टाकली. कारण परीक्षा. फ्रान्समधे हेच यंत्र ८३ प्रीमियम सीई ह्या नावाने विकतात, आणि तिथे एक्झाम मोडला (परीक्षेत प्रोग्रॅम बंद ठेवणाऱ्या सेटिंगला) गुंगारा कसा द्यायचा ह्याचा व्हिडिओ फिरला, मग कंपनीने अख्खा दरवाजाच बंद केला. गेम लिहिणारे त्यात उगाच भरडले गेले असं माझं स्पष्ट मत आहे, कारण कॉपी करणाऱ्याला टीआय-बेसिकमधे पण फॉर्म्युले लिहिता येतात आणि ते तर अजून चालतंच.

तर आता उपाय. त्याच वर्षी आर्टिफाइस नावाचं जेलब्रेक, म्हणजे कंपनीचं कुलूप उघडणारी युक्ती आली. ती एक छोटी फाइल असते, ती कॅल्क्युलेटरवर पाठवायची आणि कॅब्री ज्युनिअर ह्या भूमितीच्या अ‍ॅपमधून उघडायची. म्हणजे कॅब्री ज्युनिअर अ‍ॅप तुमच्या यंत्रावर असायला पाहिजे, कुणी जागा करायला उडवलं असेल तर टीआयच्या साइटवरून परत घ्या. आर्टिफाइसने एकदा दार उघडलं की सीझियम बसवून घ्या, पुढे सगळे गेम त्यातूनच चालवायचे. फाइल घेताना ती तुमच्या ओएसच्या आकड्याला लागू आहे का ते तिच्या पानावर आधी बघा. प्रश्न ३ मधे आकडा लिहून ठेवा म्हटलं ते ह्याचसाठी.

बेसिकमधले गेम मात्र ५.५ च्या पुढेही काही न करता चालतात.

१०. गेम उघडला की लिबलोड पाहिजे असं काहीतरी येतं आणि बंद होतो.

सीईच्या लायब्ररी टाकल्या नाहीत. सी-लिब्ज नावाचं एक गाठोडं मिळतं, .८एक्सजी, ते एकदा पाठवा आणि मग विसरून जा. व्हर्जन जुनं आहे असा मेसेज आला तर नवीन गाठोडं त्यावरच पाठवायचं, आधी काही डिलीट करायची गरज नाही. आणि जागा कमी पडली म्हणून ती विचित्र नावांची आठ-दहा अ‍ॅपव्हेरिएबल (.८एक्सव्ही डेटा फाइल्स) दिसली की उडवायची नाहीत, त्याच लायब्ररी असतात.

११. एरर इनव्हॅलिड, एरर अर्काइव्हड, एरर मेमरी. ह्यांचा अर्थ काय?

इनव्हॅलिड म्हणजे बहुधा असेंब्लीचा गेम बेसिकसारखा चालवायला गेलात, किंवा दुसऱ्याच मॉडेलची फाइल आहे. अर्काइव्हड म्हणजे गेम अर्काइव्हमधे आहे आणि होम स्क्रीनवरून तसा चालत नाही, बाहेर काढा नाहीतर शेल वापरा. मेमरी म्हणजे रॅम संपली. तिन्हीत यंत्र खराब झालेलं नसतं.

१२. रॅम आणि अर्काइव्ह ही काय भानगड आहे?

रॅम म्हणजे स्वयंपाकाचा ओटा आणि अर्काइव्ह म्हणजे वरचा माळा. काम चालतं ओट्यावर, पण ओटा छोटा आणि कधीही पुसला जाऊ शकतो. गेम हँग झाला, बॅटरी काढली, सरांनी रॅम रिसेट केली की ओट्यावरचं गेलं, माळ्यावरचं राहतं. ८४ प्लसला माळा ४८० केबीचा, सिल्व्हर एडिशनला दीड एमबीचा, सीईला ३ एमबीचा.

तेव्हा गेम, शेल, लायब्ररी सगळं अर्काइव्हमधेच पाठवा. आधी रॅममधे गेलं असेल तर सेकंड, प्लस, मग मेमरी मॅनेजमेंट, त्यात प्रोग्रॅमवर जाऊन एंटर मारलं की नावाशेजारी चांदणी येते. चांदणी म्हणजे माळ्यावर. परत एंटर मारलं की खाली येतो. तिथेच डिलीटचं बटण दाबलं तर कायमचा जातो, त्यामुळे घाईत बोटं सांभाळा.

१३. मधेच "गार्बेज कलेक्ट?" असं विचारतो. माझे गेम उडवणार का हा?

नाही हो. हो म्हणा. अर्काइव्हमधून डिलीट केलेल्या गोष्टींची जागा लगेच मोकळी होत नाही, ती साठत जाते आणि कधीतरी झाडून काढावी लागते, एवढंच. ते चालू असताना मात्र बॅटरी काढू नका आणि केबल ओढू नका. नाही म्हणालात तर जी नवीन फाइल टाकत होतात ती जाणार नाही.

१४. घरी कम्प्युटर नाही, शाळेचं क्रोमबुक आहे. किंवा मित्राकडे गेम आहे, त्याच्याकडून घेऊ शकतो का?

क्रोमबुकसाठी टीआयचं वेगळं अ‍ॅप आहे, पण शाळेच्या क्रोमबुकवर बहुतेक वेळा इन्स्टॉल करू देत नाहीत. मग टिकॅल्क डॉट लिंक नावाची साइट आहे, ती क्रोम ब्राउझरमधूनच यूएसबीने फाइल पाठवते, तीही शाळेने अडवली असेल तर हरलो.

मित्राकडून घेणं सगळ्यात सोपं. एक्स-टी-थीटा-एन असं लिहिलेलं बटण सेकंड दाबून मग दाबा, लिंक मेनू येतो. घेणाऱ्याने आधी रिसीव्हवर जाऊन वाट बघत बसायचं, मग देणाऱ्याने सेंडमधे प्रोग्रॅम निवडून ट्रान्समिट. उलट्या क्रमाने केलंत तर एरर येते आणि दोघं एकमेकांच्या कॅल्क्युलेटरला नावं ठेवतात. जुन्या ८४ प्लसला २.५ मिलिमीटरची काळी केबल किंवा मिनी यूएसबी ते मिनी यूएसबी दोन्ही चालतं, सीईला ते गोल भोकच नाही, फक्त यूएसबी. ती गोल पिन हेडफोनसारखी दिसते पण नेहमीचा हेडफोन ३.५ चा असतो, घुसवायला जाऊ नका.

१५. चांगले गेम कुठले? एवढे आहेत की काही कळत नाही.

८४ प्लसवर ब्लॉक ड्यूड. ठोकळे उचलून वाट करत दारापर्यंत जायचं, दिसायला सोपा आणि पुढच्या लेव्हलला घाम काढतो. टीआयच्याच पझल पॅक अ‍ॅपमधे तो असतो, म्हणजे कदाचित तुमच्या यंत्रावर आधीपासून असेल, अ‍ॅप्समधे बघा. दुसरा फिनिक्स, पॅट्रिक डेव्हिडसनचा, वरून येणारी विमानं पाडायची. हा इतक्या मॉडेल्सवर आलाय की मोजायचं सोडून द्या, सीईवर पण आहे. सीईवर उड्या मारत पळायचं असेल तर ओइरॅम, स्वतःच्या लेव्हल पण टाकता येतात. टेट्रिस, २०४८, साप हे तर सगळ्याच मॉडेलला वेगवेगळ्या लोकांनी लिहिलेत, एक आवडला नाही तर दुसरा घ्या.

माझं म्हणाल तर वळणावळणाने खेळायचे कोड्याचे गेम ह्या यंत्राला जास्त शोभतात. बटणं गणितासाठी केलीत, पटापट दाबायला नाही, आणि जुन्या ८४ च्या स्क्रीनवर वेगात हलणारी गोष्ट धूसर दिसते.

१६. गेमबॉयचे गेम चालतात म्हणे? आणि डूम?

गेमबॉय हो. सीईसाठी टीआय-बॉय सीई नावाचा एम्युलेटर, म्हणजे दुसऱ्या यंत्राची नक्कल करणारा प्रोग्रॅम आहे आणि तो चक्क चांगल्या वेगात चालतो. गेमची रॉम, म्हणजे कार्ट्रिजमधल्या गेमची फाइल, आधी कम्प्युटरवर कन्व्हर्ट करायची, त्याच्या बऱ्याच डेटा फाइल्स होतात, त्या सगळ्या पाठवायच्या, एक जरी राहिली तरी चालत नाही. रॉम कुठून आणायची हे मला विचारू नका, स्वतःच्या कार्ट्रिजवरून काढलेली असेल तर ठीक, बाकी तुमचं तुम्ही बघा.

खरा डूम टीआय-एन्स्पायर ह्या टीआयच्याच दुसऱ्या मॉडेलवर चालतो, त्याचा प्रोसेसर आणि मेमरी वेगळ्याच दर्जाची आहे. ८४ प्लसवर डूम म्हणून जे दिसतं ते डूमसारखं दिसणारं काहीतरी असतं.

१७. ताईच्या जुन्या ८४ प्लसमधले गेम माझ्या सीईवर चालतील का?

असेंब्लीतले नाही, प्रोसेसरपासून सगळं बदललंय. बेसिकमधले चालतात पण विचित्र दिसतात, कारण जुन्या होम स्क्रीनवर १६ अक्षरांच्या ८ ओळी बसायच्या आणि सीईवर २६ अक्षरांच्या १० बसतात, म्हणून गेम डाव्या कोपऱ्यात गोळा होऊन बसतो. खेळता येतो, नाहीतर आकडे बदलून नीट करता येतो, प्रश्न १९ वाचून हात चालवा.

जुन्या ८४ वर बेसिकचा गेम अचानक हळू झाला अशी पण तक्रार येते, बहुतेक वेळा ओएस २.५५ एमपी टाकलेली असते. मोड बटणात जाऊन मॅथप्रिंटच्या जागी क्लासिक करा, फरक पडतो.

१८. गेम हँग झाला, काहीच दाबलं जात नाही!!

घाबरू नका. बेसिकचा गेम असेल तर ऑन बटण दाबा, ब्रेक येईल, क्विट करा. असेंब्ली किंवा सीचा असेल तर ऑनने काही होत नाही. सीईच्या मागे छोटं रिसेटचं भोक आहे, पेनची टोकदार रिफिल किंवा सिमकार्डची पिन घालून दाबा. ८४ प्लसला मागची एक ट्रिपल ए बॅटरी काढून परत घाला. रॅम क्लिअर झाली असं येईल, माळ्यावरचं सगळं जागच्या जागी असेल.

रिसेट केल्यावर स्क्रीन कोरी दिसली तर यंत्र मेलेलं नाही, कॉन्ट्रास्ट उतरलाय. सेकंड दाबून मग वरचा बाण दाबून धरा.

१९. मला स्वतःचा गेम लिहायचाय, कुठून सुरू करू?

शाब्बास, खरी मजा इथेच आहे, आणि ह्याला केबल नको, कम्प्युटर नको, जेलब्रेक नको. पीआरजीएम, न्यू, आठ अक्षरांपर्यंत नाव, आणि लिहायला लागा.

एक गोष्ट पहिल्याच दिवशी समजून घ्या, कमांड अक्षर अक्षर टाइप करायच्या नसतात. इफ, देन, डिस्प हे सगळं मेनूतून उचलायचं, एडिटरमधे असताना पीआरजीएम दाबलं की यादी येते. आय आणि एफ अशी दोन अक्षरं टाइप केलीत तर दिसतं तेच पण कॅल्क्युलेटरच्या लेखी तो आय गुणिले एफ असतो, आणि एरर का येते ते रात्रभर कळत नाही.

पहिला गेम आकडा ओळखायचा करा. मॅथ मेनूच्या प्रोबॅबिलिटीच्या भागात रँडइंट आहे, त्याला १ आणि १०० देऊन उत्तर एन मधे साठवा. मग रिपीट, अट अशी की जी आणि एन सारखे होईपर्यंत. आत प्रॉम्प्टने जी विचारा, जी मोठा असेल तर "कमी कर" दाखवा, छोटा असेल तर "वाढव", मग एंड. मेसेज इंग्लिश अक्षरांत लिहावा लागेल पण मराठीत लिहायला कुणाची ना आहे?

तो झाला की गेट-की शिका, म्हणजे कुठलं बटण दाबलं ते कळतं. डावा बाण २४, वरचा २५, उजवा २६, खालचा ३४, एंटर १०५. पाठ करायची गरज नाही, आधी ओळ आणि मग त्या ओळीतलं कितवं बटण, असं आहे ते. एंटर दहाव्या ओळीत पाचवं. एवढ्यावर साप होतो. नंतर वेग कमी पडायला लागला की सीकडे वळा, सीईसाठी टूलचेन (सीचा प्रोग्रॅम तयार करून देणारं सॉफ्टवेअर) फुकट आहे आणि कम्प्युटरवर सीईमू नावाच्या एम्युलेटरमधे तपासता येतं.

२०. ह्याने व्हायरस येईल का? कॅल्क्युलेटर कायमचा बिघडेल का? हे बेकायदेशीर तर नाही ना?

कॅल्क्युलेटरच्या व्हायरसची चिंता सोडा, कम्प्युटरची करा. गेमच्या झिपमधे .ईएक्सई असेल आणि ती चालवा असं कुणी म्हणत असेल तर बंद करून टाका. बिघडायचं म्हणाल तर वाईटात वाईट अर्काइव्ह जाईल आणि ओएस परत टाकावी लागेल. ओएस पाठवणं चालू असताना मधेच केबल काढणं टाळा, एवढं पथ्य.

कायद्याचं म्हणाल तर स्वतःच्या यंत्रावर कुणी फुकट वाटलेला गेम टाकण्यात काही गैर नाही. वाद झालाय तो वेगळ्या गोष्टीवरून. २००९ मधे बेंजामिन मूडी नावाच्या माणसाने ८३ प्लसची ५१२ बिटची सही करायची किल्ली (जिच्या सहीशिवाय यंत्र ओएस घेत नाही ती) घरच्या कम्प्युटरवर फोडली, म्हणजे आता कुणीही स्वतःची ओएस लिहून टाकू शकत होता. टीआयने ती किल्ली छापणाऱ्यांना नोटिसा पाठवल्या, मग इलेक्ट्रॉनिक फ्रंटिअर फाउंडेशन हौशी लोकांच्या बाजूने उभी राहिली. नुसते गेम खेळणाऱ्याला ह्या सगळ्याचा काही त्रास नाही.

२१. परीक्षेत गेम असले तर पकडतील का? एसएटी, एपी, आयबी?

एसएटी आणि एपी ह्या अमेरिकन परीक्षांत त्या घेणारं कॉलेज बोर्ड मेमरी पुसायला लावत नाही, गेम पडून राहिले तरी चालतात, परीक्षेत खेळू नका म्हणजे झालं. एसएटी आता पूर्ण डिजिटल आहे आणि त्या अ‍ॅपमधेच डेस्मॉस हा ग्राफिंग कॅल्क्युलेटर असतो, त्यामुळे कित्येक जण कॅल्क्युलेटर दप्तरातून काढतच नाहीत.

आयबीचं कडक आहे. तिथे यंत्र एक्झाम मोडमधे टाकायला लावतात. गणिताचे दोन कोर्स आहेत, त्यातल्या अ‍ॅनालिसिस अँड अप्रोचेसच्या पहिल्या पेपरला तर कॅल्क्युलेटर चालतच नाही, अ‍ॅप्लिकेशन्सवाल्यांना सगळ्या पेपरला लागतो. पुण्या-मुंबईच्या मुलांनी शाळेच्या कोऑर्डिनेटरला आधीच विचारा, आणि परीक्षेच्या हंगामात जेलब्रेक वगैरे उद्योग नकोत. पेपरच्या दिवशी एक्झाम मोड नीट लागला नाही तर पंचाईत कुणाची?

वर्गातल्या टेस्टचा नियम सरांचा. ते ऑल मेमरी रिसेट करा म्हणाले तर माळा पण पुसला जातो, म्हणून आदल्या दिवशी सगळं कम्प्युटरवर उतरवून घ्या. रिसेटचा खोटा स्क्रीन दाखवणारे प्रोग्रॅम मिळतात ते मला माहितीये, त्याबद्दल इथे उत्तर मिळणार नाही.

२२. टेस्टनंतर गेम गायब आहेत, पण मी काही डिलीट केलं नव्हतं.

प्रेस टू टेस्ट मोड चालू राहिलाय. यंत्र बंद असताना डावा बाण, उजवा बाण आणि ऑन एकदम दाबून तो लावतात, तेव्हा प्रोग्रॅम आणि अ‍ॅप लपतात. परत आणायला केबलने दुसऱ्या कॅल्क्युलेटरला किंवा टीआय कनेक्टला जोडून काहीही एक छोटी गोष्ट पाठवा, एखादी यादी सुद्धा चालेल. तरी आले नाहीत तर ते रॅममधे होते आणि गेले, प्रश्न १२ परत वाचा.

२३. नमस्कार, मी आई बोलतेय. मुलगा म्हणतो अभ्यासाला लागतो, आणि दिवसभर त्यावर गेम खेळतो. काय करावं?

काकू, दोन्ही खरं आहे. अल्जेब्रा टू पासून पुढे शाळेत तो खरंच लागतो, काढून घेऊ नका. पण ह्यावर इंटरनेट नाही, जाहिराती नाहीत, अनोळखी माणसांशी चॅट नाही, पैसे मागणारा एकही गेम नाही, तेव्हा मोबाइलपेक्षा हे कितीतरी बरं. वर्गात खेळत असेल तर ते बाई बघून घेतील. त्याला एकदा विचारा, तू स्वतः कुठला गेम लिहिलास? नाही म्हणाला तर प्रश्न १९ त्याच्यासमोर ठेवा.

२४. माझ्याकडे टीआय नाहीये / एन्स्पायर आहे / कॅसिओ सीजी ५० आहे.

सीजी ५० वाले सुखी. केबल लावली की तो पेनड्राइव्हसारखा दिसतो, .जी३ए फाइल त्यात कॉपी करा, नीट बाहेर काढा, मेन मेनूत आयकन येतो. जेलब्रेक नाही की काही नाही. फ्रेंच लोकांची प्लॅनेट कॅसिओ ही साइट बघा, भाषेचं भाषांतर ब्राउझर करून देतो.

एन्स्पायरवर लुआ भाषेतले गेम सरळ डॉक्युमेंट म्हणून चालतात. त्याच्यापलीकडचं, म्हणजे डूम वगैरे, त्याला एनडीलेस हे जेलब्रेक लागतं आणि ते सगळ्या ओएसवर चालत नाही, आधी आकडा जुळवा. अपडेटचा नियम इथेही प्रश्न ४ चाच.

२५. मामा अमेरिकेहून सेकंडहँड पाठवतोय. काय बघून घ्यायला सांगू? आणि इकडे चार्ज होईल ना?

सीई होईल, मिनी यूएसबीने पाच व्होल्टवर चार्ज होतो, घरातला कुठलाही मोबाइलचा चार्जर चालतो. ८४ प्लसला चार ट्रिपल ए सेल लागतात, शिवाय मेमरी टिकवायला एक बटण सेल आत असतो. मामाला सांगा मागचं झाकण उघडून सेलच्या पट्ट्या बघ, हिरवट-पांढरा चुरा दिसला तर आत गळती झालीये. सगळी बटणं दाबून बघ, स्क्रीनवर आडव्या-उभ्या रेघा नाहीत ना बघ, सीई असेल तर ओएसचा आकडा विक्रेत्याला फोटोसकट विचार. आणि रंग भडक पिवळा असेल तर घेऊ नको म्हणावं, टीआय शाळांसाठी मुद्दाम पिवळे कॅल्क्युलेटर बनवते, म्हणजे तो बहुधा कुठल्यातरी वर्गातून उचललेला असणार.